शेवटच्या ओळीतलं नाव

रागाचं म्हणाल तर आमच्या घरात तो बायकांकडं होता. अब्बा स्वभावानं इतके मऊ, की शहागंजातल्या आमच्या बांगड्यांच्या दुकानात गिऱ्हाइकानं जरा तोंड वाकडं केलं की ते ‘बरं, द्या तुम्हाला द्यायचं ते’ म्हणून मोकळे व्हायचे. मग पडद्यामागून आवाज यायचा, “द्यायचं ते म्हंजे? काच काय बाभळीला लागती व्हय?” ही हमीदा फुफी, अब्बांची थोरली बहीण. लग्नाला वर्ष व्हायच्या आत तिचा नवरा गेला, मूलबाळ झालेलं नव्हतं, आणि ती माहेरी परत आली ती कायमची. माझी अम्मी झुबेदा वरून शांत, पण चिडली की बोलणंच बंद करायची, आणि ते आरडाओरड्यापेक्षा वाईट. दोघींचा राग माझ्यात उतरलाय. सासरी आजही म्हणतात, हिला काही सांगायचं तर आधी हिच्या हातातलं लाटणं काढून घ्या.

आम्ही मनियार, म्हणजे पिढ्यान्‌पिढ्या बांगड्या विकणारे आणि भरणारे. खाली दुकान, वर राहायचं. सकाळी डोळे उघडायच्या आधी कानावर काच यायची. अब्बा दोरीत ओवलेल्या बांगड्या एकेक करून खुंट्यांना अडकवत, आणि तो आवाज जिन्यावरून वर येई. त्यात शेजारच्या अत्तरवाल्याचं शटर, रस्त्यावरचे रिक्षावाले, अम्मीची भाकरी थापायची थपथप. ज्वारीची भाकरी आणि गोश्तात घातलेली अंबाडीची भाजी, हे आमचं लाडकं जेवण. अंबाडीच्या आंबटपणानं माझे दात अजून शिवशिवतात, नुसतं लिहितानासुद्धा. घरात आम्ही दखनी बोलायचो, ‘नक्को’, ‘हौ’ आणि ‘कायकू’वाली, दुकानाची पायरी उतरली की मराठी. कुठली भाषा आपली असा प्रश्न तोवर कुणी विचारला नव्हता. शहराचं नाव तेव्हा औरंगाबाद होतं, आता छत्रपती संभाजीनगर आहे. फुफी दोन्ही म्हणत नाही. ती नुसतं ‘शहर’ म्हणते.

लग्नसराईत फुफीची ऐट बघण्यासारखी असायची. नवरीचा हिरवा चुडा भरायला तिला घरोघरी बोलावणं यायचं, शहरातून, खेड्यापाड्यातून, पार वैजापूर-फर्दापुराहूनसुद्धा. ती पेटी घेऊन निघायची, इस्त्रीची साडी, डोळ्यांत सुरमा, आणि मी सुट्टीत मागं मागं. चुडा भरणं सोपं नाही. नवरी घाबरलेली असते, रडत असते, मूठ आवळून धरते, आणि आवळलेल्या मुठीवर काच चढत नाही. चुड्याची बांगडी फुटली तर बायका घाबरतात. ‘फुटली’ म्हणायचंसुद्धा नाही, ‘वाढली’ म्हणायचं. माहेरी परत आल्यावर पहिल्यांदा एकटी चुडा भरायला गेली तेव्हा नवरीचा हात काही केल्या सुटेना, म्हणून फुफीनं तिथल्या तिथं एक गाणं जुळवलं. तिच्याच भाषेत सांगायचं तर, “पोरगी गाण्याकडं बघायला लागली आन्‌ मी बांगडी चढवली.” पुढं ती दर चुड्याला ते म्हणू लागली. एका ओळीला एक बांगडी.

हात दे गं बाई, हात ढिला सोड,
काचंला कळती गं तुझ्या मनाची ओढ.

असं ते सुरू व्हायचं. मधल्या ओळी लांबत-आखडत, मनगट भरेपर्यंत. आणि शेवटची बांगडी चढताना शेवटची ओळ. तिच्यात नवरीच्या आईचं नाव घालायचं. ज्या घरी चुडा, त्या घरच्या आईचं. शांताबाई असली तर शांताबाई, यमुनाबाई असली तर यमुनाबाई.

लेक गेली सासरी, किणकिण राहिली मागी,
उंबऱ्यात बसून गं शांताबाई जागी.

आपलं नाव आलं की त्या आया ढसाढसा रडायच्या. कामात बुडालेल्या, पाहुण्यांच्या चहापाण्यात कुणी ज्यांच्याकडं बघितलेलंही नसायचं अशा बायका. अम्मी मला सांगायची, “तुझ्या चुड्याला माझं नाव येईल.” ती हे इतक्या वेळा म्हणालीय, की लग्न म्हणजे नवरा नव्हे, ती ओळ, असंच मला लहानपणी वाटायचं.

माझं लग्न ठरलं त्याच्या आदल्या हिवाळ्यातली गोष्ट. मी तेव्हा कॉलेजच्या शेवटच्या वर्षाला. शहरातल्याच एका जुन्या गिऱ्हाइकाकडं चुडा होता, मी फुफीच्या शेजारी बसून बांगड्या निवडून देत होते. गाणं रंगात आलं, शेवटची ओळ झाली, नवरीची आई पदरात तोंड लपवून रडायला लागली. तेवढ्यात पुण्याहून आलेली नवरीची मामेबहीण फोनवरून डोकं वर करून म्हणाली, “मावशी, पण हे गाणं तर वैजापूरच्या गिरजाबाईंचं आहे. ज्ञानकोशात लेख आहे. तुम्ही त्यांचं नाव काढून दुसरंच घालताय.” कुणीतरी हसलं. कुणी म्हणालं, “आजकाल काय, सगळंच उचलतात.” फुफीनं नवरीचा हात अलगद मांडीवरून खाली ठेवला, पेटी बंद केली, आणि दाराशी जाऊन चपला घातल्या. सुपातला शिधासुद्धा घेतला नाही. वाटेत रिक्षात एवढंच म्हणाली, “आता मी चुडा भरीन. गाणार नाय.”

“माझ्या लग्नात?”

“तुझ्या लग्नातबी नाय. लोकांनी मला चोर म्हणलंय, सलमा.”

घरी अम्मीला कळलं तेव्हा तिनं तव्यावरची भाकरी उलटलीच नाही. ती जळली.

तो लेख मी त्याच दिवशी वाचला. कुणीही लिहावा, कुणीही दुरुस्त करावा असा इंटरनेटवरचा ज्ञानकोश. लेखाचं नाव ‘चुड्याचे गीत’. पहिलंच वाक्य: ‘हे वैजापूर येथील कवयित्री गिरजाबाई यांनी रचलेले गीत आहे.’ खाली गाणं, आणि त्याची पहिलीच ओळ ‘हात दे गं बाई, हात घट्ट धर.’ मी ती फुफीला वाचून दाखवली. ती ताडकन उठली. “घट्ट? घट्ट धरला तर काच मनगटात घुसंल की! कोणत्या गाढवानं लिवलंय?” त्या क्षणी मी ठरवलं, ह्या गाढवाला शोधायचंच.

लेखाला दोन संदर्भ होते. एक, आमच्याच शहरातल्या एका प्राध्यापकांचं लोकगीतांचं पुस्तक. दुसरं, एका वर्तमानपत्राच्या पुरवणीतलं ‘वैजापूरची विस्मृत कवयित्री’ असलं काहीतरी. मी आधी ग्रंथालयात जाऊन पुस्तक काढलं. पुस्तकात ‘ढिला सोड’ असंच होतं, म्हणजे ‘घट्ट’ हा ज्ञानकोशातल्या उतरवून घेणाऱ्याचा प्रताप. आणि तळटिपेत लिहिलेलं होतं: ‘शेवटच्या ओळीत गिरजाबाई हे नाव येते. ही कवयित्री असावी.’ असावी! सरांनी अंदाज केला होता आणि लेखानं त्याचा निकाल लावून टाकला होता. मग पुरवणीतला मजकूर काढला. त्यातली वाक्यंच्या वाक्यं ज्ञानकोशातली, तीच ‘घट्ट धर’सुद्धा. म्हणजे लेखावरून पुरवणीत लिहायचं, आणि मग पुरवणीत आलंय म्हणून लेखाला संदर्भ द्यायचा. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. ग्रंथालयातल्या बाई म्हणाल्या, “हळू, इथं अभ्यास चाललाय.” मी म्हणाले, “मी काय करतेय मग?”

सर निवृत्त झाले होते, पण घरी भेटले. सभ्य माणूस, चहा दिला, बिस्किटं पुढं केली. मी त्यांना चुड्याची रीत सांगितली, नाव नवरीच्या आईचं असतं, गाणं करणारीचं नव्हे. ते मान डोलवत राहिले. “असं होय. आपल्याकडं अभंगात शेवटी रचणाऱ्याचं नाव येतं ना, मला वाटलं तसंच असेल.”

“सर, तुम्ही ज्यांच्याकडून हे गाणं उतरवून घेतलं, त्यांना विचारलं नाही का, हे कुणी केलं म्हणून?”

“विचारलं होतं की. गिरजाबाईंच्या कन्येनंच म्हणून दाखवलं. ती म्हणाली, बांगडीवालीनं.”

मला वाटलं मी चुकीचं ऐकलं. “मग ते का नाही लिहिलंत?”

सर चष्मा पुसायला लागले. “अगं, बांगडीवालीनं म्हटलं म्हणजे तिनंही कुठंतरी ऐकलेलं असणार. मनियारीण... म्हणजे, इतकं अस्सल मराठी गाणं...” पुढचं त्यांनी गिळलं. चांगला माणूस होता म्हणून गिळलं. पण मला ते पूर्ण ऐकू आलं, आणि इतकी वर्षं झाली तरी ऐकू येतं. कुणी शिवी दिली असती तर मी उलटून दिली असती. बिस्किटाची बशी पुढं करत केलेल्या अपमानाचं काय करायचं? “दुसरी आवृत्ती निघाली की दुरुस्ती करू,” असं सर दारापर्यंत सोडायला येऊन म्हणाले. ती आवृत्ती अजून निघायचीय.

मग वैजापूर. एसटीनं गेले, बाजार समितीच्या मागं कांद्याच्या व्यापाऱ्याचं घर, विचारत विचारत सापडलं. गिरजाबाई वारल्या होत्या. बैठकीत त्यांचा हार घातलेला फोटो आणि खाली सोनेरी अक्षरांत ‘कवयित्री’. त्यांची लेक माहेरपणाला आलेली होती, नेमकी तीच. मी कुठून आले ते सांगताच ती मोठ्यानं हसली. “आईला गाणं? आवं, आमच्या आईला साधी अंगाई येत नव्हती. माझा चुडा भरायला शहागंजची हमीदाबी आली होती, तिनं म्हणलं. लई रडली होती आई. मी सांगितलं की त्या सरांना!” मी म्हणाले, ताई, एवढं कुठंतरी लिहून द्याल का? ती ‘द्यायचं की’ म्हणेपर्यंत तिचा भाऊ आला. फोटोकडं बघत म्हणाला, “कशाला ते उकरताय? पोराच्या लग्नपत्रिकेवर सुद्धा छापलंय, कवयित्री गिरजाबाईंचा नातू. घरात आलेलं नाव आता मी हाकलून देऊ का?” ताई उठून आत गेली. मी कांद्याच्या वासासकट परत आले.

तरीही मी ज्ञानकोशाच्या चर्चापानावर सगळं लिहिलं. रीत, तळटीप, पुरवणीची नक्कल, ताईंचं बोलणं. तिथं ‘नीरक्षीर’ असं टोपणनाव घेतलेला एक संपादक लेखावर लक्ष ठेवून असायचा. त्यानं ‘घट्ट धर’ तत्काळ बदलून ‘ढिला सोड’ केलं, आभारही मानले. पुरवणीचा संदर्भ काढला. ‘पुस्तकात “असावी” असताना लेखात ठामपणे लिहिणे अयोग्य,’ असं म्हणून गिरजाबाईंचं नावही काढलं. मी हवेत. आणि मग मी लिहिलं की कवयित्री हमीदाबी, शहागंज, हयात आहेत, येऊन भेटा. त्याचं उत्तर: ‘आपल्या आत्यांनी सांगितले, हा विश्वसनीय संदर्भ होत नाही. छापील, स्वतंत्र संदर्भ द्यावा.’ मी लिहिलं, ज्या बाईनं गाणं केलं ती सांगतेय, यापेक्षा स्वतंत्र काय पाहिजे? उत्तर: ‘नियम सर्वांना सारखेच आहेत. कृपया भावनिक होऊ नये.’ भावनिक होऊ नये! हे वाक्य ज्यानं पहिल्यांदा शोधून काढलं त्याला एकदा आमच्या घरी जेवायला बोलवायचंय मला. आज शांतपणे विचार केला तर त्याचं म्हणणं कळतं. उद्या कुणाचीही आत्या काहीही सांगेल. पण मी शांतपणे विचार करण्याइतकी म्हातारी अजून झालेले नाही.

लेखात आता लिहिलं होतं: ‘कवयित्री अज्ञात.’ मी ते फुफीला मोठ्या तोऱ्यात सांगितलं, बघ, गिरजाबाईंचं नाव गेलं, तुला आता कुणी चोर म्हणणार नाही.

“अज्ञात म्हंजे?”

“म्हणजे माहीत नाही.”

फुफी बांगड्यांवरची धूळ पुसत होती. फडकं खाली ठेवून तिनं माझ्याकडं बघितलं. “कुणाला माहीत नाय?”



माझं लग्न ठरलं, आणि माझ्या चुड्याचा दिवस उजाडला. घर पाहुण्यांनी भरलेलं, खाली गल्लीत चुलीवर नान-कलियाच्या रश्श्याची मोठी देग चढलेली, मसाल्याचा वास जिन्यातून वर येत होता. फुफीनं माझा हात मांडीवर घेतला आणि मुकाट्यानं पहिली बांगडी काढली. मी मूठ आवळली. ती म्हणाली, ढिली सोड. मी म्हणाले, गा. ती म्हणाली, सलमा, नाटकं नक्को. मी म्हणाले, मग भरू नको चुडा, लग्न राहू दे. बायका कुजबुजायला लागल्या. तेव्हा अम्मी स्वयंपाकघरातून हात पुसत आली आणि फुफीच्या समोर बसली. “गा हमीदा. आणि शेवटी माझं नाव नको घालू. तुझं घाल. हिला जन्म मी दिला, पण अंगाखांद्यावर तू वाढवलंस. माझं मी समजून घेईन.” जिनं आयुष्यभर त्या ओळीची वाट बघितली तिनं ती अशी, ओल्या हातांनी, देऊन टाकली.

फुफीचा चेहरा लालबुंद झाला. “तुझं डोकं फिरलं का झुबेदा? चुडा कुणाच्या लेकीचा? तुझ्या! मला लेक हाय का? मग माझं नाव कुठून येईल त्यात? ते नाव काय भाजीवरची कोथिंबीर हाय, कुणीबी भुरभुरावं?” अम्मीही ऐकेना. पाहुण्यांसमोर दोघी अशा भांडल्या, की अब्बा खालून विचारायला आले काय झालं. आणि भांडता भांडताच, त्या रागातच, फुफीनं माझा हात ओढला आणि गायला सुरुवात केली. इतक्या खणखणीत आवाजात मी ते गाणं त्याआधी कधी ऐकलं नव्हतं. एकही बांगडी वाढली नाही. शेवटच्या ओळीत ‘झुबेदाबी’ आलं, आणि माझी अम्मी, जी एरवी रागावली तरी आवाज करत नसे, ती हंबरडा फोडून रडली. मीही रडले, पण माझ्या रडण्यात अर्धा संताप होता. मला तिथं हमीदाबी ऐकायचं होतं.

हा प्रसंग कुणीतरी फोनवर टिपला, आणि तो सगळीकडं फिरला. लोकांना फार आवडलं. मग एका वर्तमानपत्रानं बातमी छापली, खरीखुरी छापील, स्वतंत्र बातमी: ‘चुड्याच्या गीताची कवयित्री अखेर सापडली.’ कवयित्री कोण, तर झुबेदाबी. शेवटच्या ओळीत नाव येतं ना! आमच्याकडं विचारायला एक माणूस आला नाही. ‘नीरक्षीर’नं नियमाप्रमाणं लेख अद्ययावत केला. मी लिहिलं, अहो, ती माझी आई आहे, तिला गाता येत नाही. उत्तर आलं, छापील संदर्भ द्यावा. अम्मी शरमेनं मरायची बाकी राहिली, महिनाभर तिनं शेजारणींकडं जाणं टाकलं. फुफी मात्र हसली. दुकानात बसून, पोट धरून, डोळ्यांतला सुरमा गालावर येईपर्यंत हसली, आणि त्यानंतर पुन्हा सगळ्या चुड्यांना गायला लागली. “त्यांना काय लिवायचं ते लिवू दे. आया रडतात का नाय, ते मी बघते.” तिचं भागलं. माझं नाही.

फुफी आता गुडघ्यांनी बसलीय, चुडा भरायला जात नाही. माझ्या पुस्तकातलं हे प्रकरण छापायला देण्याआधी मी तिला दोन दुपारी वाचून दाखवलं. अंबाडीच्या भाजीपाशी ती म्हणाली, भूक लागली. सरांच्या बिस्किटांपाशी म्हणाली, पुढं वाच. शेवटी म्हणाली, “सगळं बराबर लिवलंस. पण हे बघ, चुडा तुझा व्हता. शेवटच्या ओळीत माझं नाव घातलंस तर मी भांडीन.”

भांड. तुझ्याकडूनच शिकलेय. त्यांना छापील संदर्भ हवा होता, हा घ्या, पुस्तकाचं नाव आणि पान लिहून घ्या. पुतणीनं लिहिलंय म्हणून विश्वसनीय नाही म्हणाल, तर म्हणा. हे गाणं शहागंजच्या हमीदाबीनं केलं. तिला लेक नाही असं कोण म्हणतं, ते मला बघायचंय.

लेक गेली सासरी, किणकिण राहिली मागी,
उंबऱ्यात बसून गं हमीदाबी जागी.